रिमेक झालेल्या प्रेम-थरारपटाचा विकिपीडिया लेख कसा संपादित करावा

प्रेमकथा आणि रहस्य यांची गुंफण असलेल्या चित्रपटाचा रिमेक निघाला की विकिपीडियावरील त्याच्या लेखात हळूहळू दोन चित्रपट मिसळू लागतात. मूळ चित्रपटातला एखादा प्रसंग नव्या चित्रपटाच्या कथानकात शिरतो, जुन्या संगीतकाराचे नाव माहितीचौकटीत (लेखाच्या बाजूला ठळक तपशील देणाऱ्या चौकटीत) राहून जाते, आणि तुलनेची वाक्ये नेमक्या कोणाच्या मताने लिहिली आहेत हे कळेनासे होते. म्हणून अशा लेखाला हात लावताना हे दोन चित्रपट वेगळे राखणे हेच संपादकाचे मुख्य काम समजावे.

‘संपादन’ उघडण्यापूर्वी लेखाचा ‘इतिहास’ आणि ‘चर्चा’ ही दोन्ही पाने वाचावीत. जो मजकूर आपल्याला चुकीचा वाटतो, त्यावर तेथे आधीच वाद होऊन निर्णय झालेला असू शकतो. त्यानंतर लेखाचे शीर्षक तपासावे. ‘गजनी’ हे नाव २००५ च्या तमिळ आणि २००८ च्या हिंदी अशा दोन्ही चित्रपटांचे आहे. अशा वेळी शीर्षकात कंसात वर्ष किंवा भाषा देऊन फरक दाखवावा लागतो, आणि इतर लेखांतून येणारे दुवे योग्य पानावर पोहोचतात की नाही हेही पाहावे लागते. अभिनेत्याच्या चित्रपटसूचीतून भलत्याच वर्षाच्या चित्रपटावर जाणारा दुवा फार काळ कोणाच्या लक्षात येत नाही, म्हणून ही तपासणी आवर्जून करावी.

लेखातील सर्वांत नाजूक विधान म्हणजे हा चित्रपट रिमेक आहे, हेच. ते स्वतःच्या निरीक्षणावरून कधीही लिहू नये. २००१ चा ‘व्हॅनिला स्काय’ हा १९९७ च्या स्पॅनिश ‘आब्रे लोस ओहोस’वर आधारलेला असल्याचे त्याची श्रेयनामावलीच सांगते, त्यामुळे तेथे प्रश्न उरत नाही. परंतु एकाच कादंबरीवर वेगवेगळ्या काळात दोन चित्रपट निघाले, तर दुसरा पहिल्याचा रिमेक ठरतोच असे नाही: ‘अ किस बिफोर डाइंग’ या १९५३ च्या कादंबरीवर १९५६ आणि १९९१ असे दोनदा चित्रपट झाले आहेत, आणि अशा प्रकरणी कादंबरीशी असलेले नाते आणि आधीच्या चित्रपटाशी असलेले नाते स्वतंत्रपणे नोंदवणे योग्य. हक्क विकत घेऊन केलेला रिमेक, केवळ संवाद दुसऱ्या भाषेत बदललेली (डब केलेली) आवृत्ती, आणि समीक्षकांना साम्य आढळलेला चित्रपट या तीन निराळ्या गोष्टी आहेत. तिसऱ्या प्रकारात साम्य कोणी दाखवले, कोठे दाखवले, हे वाक्यातच यावे आणि त्याला संदर्भ जोडावा; ‘नक्कल’ किंवा ‘चोरी’ असे शब्द विकिपीडियाच्या स्वतःच्या आवाजात येऊ नयेत. जिवंत व्यक्तींविषयी असा आरोप संदर्भाविना आढळल्यास तो चर्चेची वाट न पाहता काढून टाकावा.

कथानकाचा विभाग लिहिण्यासाठी तोच चित्रपट पुन्हा पाहावा, मूळ चित्रपटाच्या आठवणीवर विसंबू नये. कथानकात काय घडते याला चित्रपट हाच आधार मानला जातो, म्हणून तेथे प्रत्येक वाक्याला संदर्भ लागत नाही. मात्र त्याचीच दुसरी बाजू अशी की, पडद्यावर न दिसणारा कोणताही अर्थ या विभागात बसत नाही. नायिकेच्या मनात संशय केव्हा उत्पन्न झाला असावा, हा आपला तर्क कितीही पटणारा असला तरी तो येथे लिहू नये. इंग्रजी विकिपीडियाच्या चित्रपटविषयक संकेतांनुसार कथानक साधारण ४०० ते ७०० शब्दांत असावे, आणि ही मर्यादा कोणत्याही भाषेत पाळण्यासारखी आहे. प्रेमप्रकरण पूर्वकथेतून, एखाद्या रोजनिशीतून उलगडत असेल, तर वाचकाला समजावे म्हणून घटना कालक्रमाने मांडता येतात. शेवट मात्र लपवू नये. थरारपटाचा शेवट सांगितल्याने रसभंग होतो ही तक्रार नेहमीची आहे, पण ज्ञानकोशात वाचक संपूर्ण माहितीसाठी येतो, आणि खुनी कोण हे टाळून लिहिलेले कथानक जाहिरातीसारखे वाटते. त्याच कारणाने वितरकांनी प्रसिद्धीसाठी दिलेला सारांश उतरवून घेऊ नये; तो स्वामित्वहक्काचा भंगही ठरतो.

दोन चित्रपटांची तुलना हा वाचकांच्या सर्वाधिक आवडीचा आणि संपादकांना सर्वाधिक मोहात पाडणारा भाग. दोन्ही चित्रपट शेजारी ठेवून आपण स्वतः फरकांची यादी करणे हे मूळ संशोधन होते आणि विकिपीडियाला ते मान्य नाही. त्याऐवजी परीक्षणे, दिग्दर्शकांच्या मुलाखती आणि चित्रपटविषयक पुस्तके शोधावीत, व त्यांतील निरीक्षणे समीक्षकाच्या नावासह द्यावीत. शक्य असल्यास मूळ चित्रपटाच्या भाषेतील परीक्षणेही वापरावीत, नाहीतर लेख एकाच प्रेक्षकवर्गाच्या नजरेने लिहिला जातो.

माहितीचौकटीतील प्रत्येक नाव श्रेयनामावलीशी ताडून पाहावे. ‘गजनी’च्या दोन्ही आवृत्त्यांचे दिग्दर्शक ए. आर. मुरुगदास आणि दोन्हींत नायिका असिन, परंतु तमिळ चित्रपटाला संगीत हॅरिस जयराज यांचे आणि हिंदीला ए. आर. रहमान यांचे, अर्धी नावे समान असतात तेव्हाच उरलेली चुकण्याची भीती अधिक असते. उत्पन्नाचा आकडा देताना तो एकूण तिकीटविक्रीचा आहे की कर वजा जाता उरलेला, हे स्पष्ट करावे, आणि विश्वसनीय संदर्भ नसेल तर ती जागा रिकामी ठेवावी. भित्तिपत्रक विकिमीडिया कॉमन्स या चित्रे व इतर माध्यमांच्या सामाईक संग्रहावर चढवू नये, कारण तेथे केवळ मुक्त परवान्याची चित्रेच स्वीकारली जातात.

दुसऱ्या भाषेच्या विकिपीडियातील लेखाचे भाषांतर करण्यास परवाना आहे, पण बदलाच्या सारांशात मूळ लेखाचा दुवा देऊन श्रेय द्यावे लागते. भाषांतरित लेखातील संदर्भ स्वतः उघडून पाहावेत, कारण तेथील चूक आपल्याकडे संदर्भासकट येते.

बदल मोठा असल्यास तो आधी धूळपाटीवर (सरावासाठीच्या कच्च्या पानावर) तयार करावा, नंतर विभागवार प्रकाशित करावा आणि प्रत्येक वेळी सारांशात कारण लिहावे, म्हणजे एखादा भाग कोणाला न पटल्यास तेवढाच उलटवता येतो. आपले संपादन उलटवले गेले तर ते पुन्हा न लादता चर्चापानावर संदर्भ मांडावेत.

शेवटी विकिडाटावरील, म्हणजे निरनिराळ्या भाषांतील लेख एकमेकांना जोडणाऱ्या माहितीसाठ्यातील, नोंद उघडावी. रिमेकचा लेख चुकून मूळ चित्रपटाच्या नोंदीला जोडलेला असला, तर इतर भाषांचे सर्व दुवे वाचकाला दुसऱ्याच चित्रपटाकडे नेतात. दोन्ही चित्रपटांच्या नोंदी स्वतंत्र आहेत याची खात्री करून, रिमेकच्या नोंदीत तो कशावर आधारित आहे ते नोंदवावे आणि मूळ चित्रपटाच्या लेखातही रिमेकचा संदर्भासह एक वाक्यात उल्लेख करावा.