फोर्ट ऑन्टारिओ: किल्ला कुठे संपतो आणि छावणी कुठे सुरू होते, हे कसे ओळखावे

न्यूयॉर्क राज्यात ऑस्वीगो नदी ऑन्टारिओ सरोवराला मिळते, तिथे पूर्व काठावर फोर्ट ऑन्टारिओ उभा आहे. ऑगस्ट १९४४ ते फेब्रुवारी १९४६ या काळात इथे युरोपातून आणलेल्या निर्वासितांना ठेवले होते. या विषयावर लिहिणाऱ्यांची किंवा आपल्या घराण्याचा माग काढणाऱ्यांची पहिली चूक जागेचीच असते. पंचकोनी तटबंदी पाहिली की निर्वासित तिच्या आत राहत होते, असे ते गृहीत धरतात. प्रत्यक्षात ते तटाबाहेर, विसाव्या शतकात वाढलेल्या लष्करी वसाहतीच्या बराकींत राहत होते. त्या बराकींपैकी बहुतेक आज नाहीत.

म्हणून पाहणी आतून बाहेर करावी. आत शिरल्यावर दिसतो तो चौथ्या खेपेचा किल्ला. इंग्रजांनी १७५५ मध्ये बांधलेला पहिला किल्ला पुढच्याच वर्षी, ऑगस्ट १७५६ मध्ये, सेनापती माँकामच्या फ्रेंच सैन्याने उद्ध्वस्त केला. १७५९ मध्ये इंग्रजांनी पुन्हा बांधला, तो १७७८ मध्ये अमेरिकी क्रांतिकारकांनी जाळला. १७८२ मध्ये पुन्हा उभारलेला किल्ला इंग्रजांनी १७९६ मध्ये अमेरिकेच्या हवाली केला आणि मे १८१४ मध्ये त्यांनीच येऊन पाडला. सध्याचा किल्ला १८३९ ते १८४४ मधला आहे. तटाला दगडी बांधणी देण्याचे काम १८६३ मध्ये सुरू झाले, पण १८७२ मध्ये काँग्रेसने पैसे थांबवले आणि ते अर्धवट राहिले. तटाचे काम अपुरे दिसले तर तो पडझडीचा परिणाम समजू नये. आतल्या खोल्यांची मांडणीही साधारण त्याच काळातल्या सैनिकी जीवनाची आहे, त्यामुळे आत फिरताना १९४४ सालचे काही शोधत बसू नये.

तटाबाहेर पडल्यावर मैदानाकडे पाहावे. निर्वासितांचा इतिहास सांगणारे सेफ हेवन संग्रहालय २००२ पासून इथल्या जुन्या प्रशासकीय इमारतीत आहे. किल्ला आणि संग्रहालय या दोन वेगळ्या संस्था आहेत आणि त्यांच्या वेळाही वेगळ्या असतात. किल्ला हंगामी उघडतो, तेव्हा हिवाळ्यात जायचे असेल तर दोन्हीकडे आधी विचारून घ्यावे. मैदानात उभे राहून सरोवरावरून येणारा वारा अंगावर घेतला की इथल्या हिमवर्षावाबद्दलची वर्णने जास्त नीट कळतात.

आता आकडे. इटलीतून आलेल्यांची संख्या ९८२: ८७४ ज्यू, ७३ रोमन कॅथलिक, २८ ग्रीक ऑर्थोडॉक्स आणि ७ प्रोटेस्टंट. अमेरिकी सरकारची घोषणा मात्र १,००० जणांना आणण्याची होती, त्यामुळे काही लेखनात ‘हजार निर्वासित’ असे येते. तो गोळाबेरजेचा आकडा आहे, तो वापरू नये. ९८२ हा आगमनाचा आकडा आहे, बाहेर पडणाऱ्यांचा नाही. मधल्या काळात काही मृत्यू झाले, काही जण मायदेशी परतले आणि छावणीत बाळेही जन्मली. ती बाळे जन्मानेच अमेरिकी नागरिक होती, आणि त्यांच्या आईबापांना त्या देशात कायदेशीर दर्जाच नव्हता.

याचे मूळ जून १९४४ मधल्या राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या निर्णयात आहे. युद्धातल्या निर्वासितांसाठीचे सरकारी वॉर रेफ्युजी बोर्ड त्याच वर्षी २२ जानेवारीला स्थापन झाले होते. १९२४ च्या स्थलांतर कायद्यातल्या देशनिहाय कोट्याला हात न लावता माणसे कशी आणायची, हा पेच होता. पत्रकार सॅम्युअल ग्राफ्टन यांनी ‘फ्री पोर्ट’ची कल्पना मांडली होती: जकात न भरलेला माल जसा बंदरात ठेवतात, तशी माणसे ठेवायची. निर्वासितांना राष्ट्राध्यक्षांचे पाहुणे म्हणून आणले आणि युद्ध संपल्यावर परत जाऊ, अशा कागदावर त्यांच्या सह्या घेतल्या. म्हणूनच तारखा लिहिताना सावध राहावे. ‘हेन्री गिबिन्स’ हे लष्करी जहाज जखमी अमेरिकी सैनिकांनाही घेऊन ३ ऑगस्टला न्यूयॉर्कला पोहोचले. निर्वासित ऑस्वीगोला रेल्वेने आले ते ५ ऑगस्टला. पण यातल्या कुठल्याच दिवशी ते कायद्याने अमेरिकेत दाखल झाले नव्हते.

वंशावळ शोधणाऱ्यांची सगळ्यात मोठी फसगत इथेच होते. रूझवेल्ट यांच्यानंतरचे राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांनी २२ डिसेंबर १९४५ रोजी या निर्वासितांना कायदेशीर प्रवेशाची वाट देणारा आदेश काढल्यावर निर्वासितांना बसने नायगारा फॉल्सला नेले. तिथे रेनबो पूल ओलांडून कॅनडातल्या अमेरिकी वकिलातीत व्हिसा घ्यायचा आणि त्याच पुलाने परत यायचे. पहिला गट जानेवारी १९४६ मध्ये असा आला. नागरिकत्वाच्या कागदावर प्रवेशाचे ठिकाण नायगारा फॉल्स आणि साल १९४६ दिसले तर ती कारकुनी चूक समजून १९४४ करू नये. दोन्ही बरोबर आहेत: एक माणसाचे आगमन, दुसरे कायद्याचे.

कागद शोधताना ‘रेफ्युजी कॅम्प’ हा शब्द टाकला तर फारसे हाती लागत नाही. अधिकृत नाव ‘इमर्जन्सी रेफ्युजी शेल्टर’ होते. कारभार वॉर रिलोकेशन ऑथॉरिटीकडे होता, म्हणून कागद नॅशनल आर्काइव्ह्जच्या रेकॉर्ड ग्रुप २१० मध्ये पाहावेत. धोरणाची बाजू न्यूयॉर्क राज्यातल्या हाइड पार्कच्या रूझवेल्ट ग्रंथालयात, वॉर रेफ्युजी बोर्डाच्या कागदांत मिळते. छावणीच्या ‘ऑन्टारिओ क्रॉनिकल’ या वृत्तपत्रात रोजचे जगणे सापडते. नावे मूळ लिपीत किंवा खुणांसह मिळतील, अशी अपेक्षा ठेवू नये. युगोस्लाव्ह आडनावातली ‘च’ची अक्षरे कधी सी, कधी सीएच अशी पडतात, जर्मन स्वरांवरचे ठिपके गळतात. एकेका आडनावाची तीन-चार रूपे करून शोधावे आणि वय व मूळ गाव यांच्याशी ताडून पाहावे.

वॉर रिलोकेशन ऑथॉरिटी हीच संस्था जपानी वंशाच्या अमेरिकनांच्या छावण्याही चालवत होती. त्यामुळे तुलना टाळता येत नाही, पण ती सरसकट करू नये. त्या छावण्यांतले बहुसंख्य लोक अमेरिकी नागरिक होते आणि त्यांना घरातून उचलून नेले होते. इथले लोक मात्र अर्ज करून आले होते. तरीही वर काटेरी तारा असलेले जाळीचे कुंपण त्यांच्याभोवती होते. युरोपातल्या छावण्या पाहून आलेल्यांना ते पाहून काय वाटले असेल, ते वेगळे सांगायला नको. सुरुवातीचे विलगीकरण संपल्यावर पासावर काही तास गावात जाता येत असे, ऑस्वीगोबाहेर नाही. मुले सप्टेंबरपासून गावातल्या शाळांत जाऊ लागली. त्यामुळे ‘कैद’ आणि ‘आश्रय’ यांपैकी एकच शब्द पूर्ण लेखभर वापरला तर अर्धे कागद त्याला खोटे पाडतील.

छायाचित्रांना तारीख लावताना कुंपणावर विसंबू नये, ते शेवटपर्यंत होते. बर्फ दिसले की १९४४ लिहायची सवयही सोडावी, निर्वासितांनी इथे दोन हिवाळे काढले. राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी एलेनॉर रूझवेल्ट असलेले चित्र मात्र पक्के बसते: त्यांची भेट २० सप्टेंबर १९४४ ची आहे.