नावाचा अर्थ खरा की नुसता गोड? असा तपासा

‘आरव म्हणजे शांत.’ बाळांच्या नावांच्या अनेक याद्यांत हेच छापलेलं असतं. संस्कृत कोशात मात्र ‘आरव’पुढे आवाज, ओरडणं, गलका असे अर्थ दिलेत. घोटाळा कुठे झाला तेही दिसतं. रव म्हणजे ध्वनी. त्याला नकाराचा ‘अ’ लागला तर ‘अरव’ होतो, म्हणजे निःशब्द. इथे लागलाय तो ‘आ’ उपसर्ग, आणि तो नकार देत नाही. कुणीतरी काना नजरेआड करून अर्थ लावला, बाकीच्यांनी उचलला. (तान्ह्या बाळाला खरा अर्थच जास्त शोभतो, ही गोष्ट वेगळी.)

याद्यांमध्ये असं होतं, कारण त्यांत नाव असतं, अर्थ असतो, पण भाषा नसते. म्हणून आधी नाव कोणत्या भाषेतून आलं ते पक्कं करा आणि मगच अर्थाकडे वळा. ‘कियारा’ घ्या. इटलीतली ‘क्यारा’ लॅटिन ‘क्लारुस’वरून आली, अर्थ उजळ, स्वच्छ. आयर्लंडमधली ‘कीरा’ तिथल्या काळा या अर्थाच्या शब्दावरून आली, म्हणजे काळ्याभोर केसांची. रोमन लिपीत दोघींत फरक एका ‘एच’चा, अर्थ मात्र दोन टोकांचे. यादीत दोघी एकाच ओळीत बसवलेल्या असतात. अनिता, सोनिया, नताशा यांनाही संस्कृत अर्थ चिकटवण्याचा खटाटोप चालतो. अनिता हे स्पॅनिश ‘आना’चं लाडाचं रूप आणि त्याच्या मुळाशी हिब्रू ‘हन्ना’, म्हणजे कृपा. सोनिया हे रशियनांनी ‘सोफिया’चं केलेलं लाडाचं नाव, मूळ ग्रीक, अर्थ शहाणपण. नताशा ‘नतालिया’वरून, म्हणजे लॅटिनमधल्या जन्मदिवसावरून, आणि तो दिवस नाताळचा. आपला ‘नाताळ’ पोर्तुगिजांकडून आला तो याच घरातून.

नाव संस्कृत असल्याचा दावा असेल तर तपासणं सर्वांत सोपं. आपट्यांचा कोश आणि मोनियर-विल्यम्सचा १८९९ चा कोश, दोन्ही जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट बघता येतात. शोधताना नाव देवनागरीत, ऱ्हस्व-दीर्घ सांभाळून लिहा. शेवटचा विसर्ग गाळा. मुलीचं नाव आकारान्त असेल आणि सापडत नसेल तर पुल्लिंगी रूप शोधा: ‘अनन्या’ हवं असेल तर ‘अनन्य’. मोनियर-विल्यम्समध्ये अर्थापुढे बारीक अक्षरांत संक्षेप असतात, ते वगळू नका. तिथे ‘एल.’ असेल तर तो अर्थ फक्त जुन्या कोशकारांनी नोंदवलेला आहे, वाङ्मयात वापरलेला सापडलेला नाही. असा अर्थ चुकीचाच असतो असं नाही, पण त्याच्या जोरावर ‘वेदांतलं नाव’ म्हणून मिरवू नये. नाव कोशात सापडलंच नाही तर त्याचे तुकडे करा आणि प्रत्येक तुकडा वेगळा शोधा. शेवटचा ‘अंश’ किंवा ‘ईश’ नेहमीच सापडतो. पुढचा तुकडा सापडत नसेल तर ते नाव गेल्या काही वर्षांत जुळवलेलं आहे, असं समजायला हरकत नाही. जुळवलेलं नाव ठेवण्यातही वाईट काही नाही, फक्त त्याचा प्राचीन अर्थ छापू नये.

मराठी शब्दांसाठी मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश (दुसरी आवृत्ती १८५७) आणि दाते-कर्व्यांचा ‘महाराष्ट्र शब्दकोश’, दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर आहेत. आडनावांसाठी हे दोन कोश संस्कृत कोशांपेक्षा जास्त कामाला येतात. चिटणीस, पारसनीस, सबनीस यांतला ‘नीस’ हा फारसी ‘नवीस’, म्हणजे लिहिणारा. संस्कृत कोशात तो जन्मभर शोधला तरी मिळायचा नाही.

अरबी नावांना वेगळी किल्ली लागते. तिथे अर्थ तीन व्यंजनांच्या धातूत असतो आणि स्वर, उपसर्ग बदलून शब्द बनतात. मुहम्मद, अहमद, महमूद, हमीद ही चारही नावं ह-म-द या एकाच धातूची, आणि चारींत स्तुतीचा अर्थ आहे. अडचण देवनागरीची होते. अरबीतली तीन-तीन अक्षरं आपण एकाच ‘स’मध्ये कोंबतो. ‘सना’ हे नाव उर्दूत ‘से’ अक्षराने लिहिलं तर अर्थ स्तुती. ‘सीन’ने लिहिलं तर तेज, आणि सोनामुखीची वनस्पतीसुद्धा. म्हणून अरबी-फारसी नाव असेल तर घरच्यांना ते उर्दूत कसं लिहितात ते आधी विचारा आणि त्या अक्षरांनिशी शोधा. दुसरी नेहमीची चूक ‘अब्दुल’ची. त्याचा अर्थ ‘…चा सेवक’ एवढाच. पुढचं नाव तोडलं तर वाक्य अर्धवट राहतं. अब्दुल रहीम म्हणजे रहीमचा, दयाळू ईश्वराचा सेवक. आणि ‘रेहान’ला भारदस्त अर्थ देणाऱ्यांना सांगायला हवं की ती एक सुवासिक वनस्पती आहे, आपल्या सब्जाच्याच जातीची.

नाव एका भाषेतून दुसरीत जाताना कधी त्याचा तुकडाच गळतो. ग्रीक ‘अलेक्झांडर’मध्ये राखणं आणि पुरुष असे दोन शब्द आहेत, म्हणजे माणसांचा रक्षक. अरबीत सुरुवातीचा ‘अल’ हा आपलाच उपपद (इंग्रजी ‘द’सारखा) समजला गेला, तो सुटा झाला आणि उरला इस्कंदर. त्याचा झाला सिकंदर. आता ‘सिकंदर’ची फोड कुठल्याही भारतीय भाषेत करून हाती काही लागणार नाही.

गोव्यातली आणि वसईकडची आडनावं पाहताना शेवट बघा. पोर्तुगीज ‘-एस’ म्हणजे अमक्याचा मुलगा. फर्नांडिस हा फर्नांदोचा, गोन्साल्विस हा गोन्सालोचा, रॉड्रिग्ज हा रोद्रिगोचा. त्यातला रोद्रिगो मुळात पोर्तुगीजही नाही. कीर्ती आणि सत्ताधीश अशा दोन जर्मानिक शब्दांचं हे नाव व्हिसिगॉथ या जर्मानिक लोकांबरोबर आयबेरियात, म्हणजे स्पेन-पोर्तुगालकडे आलं, आणि तिथून १५१० नंतर गोव्यात. अशा दोन पदांच्या जर्मानिक नावांचा समास सोडवून वाक्य करू नका. आईवडिलांच्या नावांतलं एकेक पद घेऊन मुलाचं नाव जुळवण्याची तिथे रीत होती, त्यामुळे दोन पदं एकत्र आल्यावर अर्थ लागलाच पाहिजे असं नसे. डिसोझा, सिल्वा, परेरा मात्र या गटातले नाहीत. सोझा हे स्थळावरून, सिल्वा म्हणजे रान, परेरा म्हणजे नाशपातीचं झाड. आडनाव एक म्हणून कूळ एक, हा निष्कर्ष इथे हमखास फसतो. धर्मांतराच्या वेळी धर्मपित्याचं किंवा पाद्र्याचं आडनाव मिळत असे, आणि शेजारच्या दोन घरांना ते वेगवेगळं मिळालेलं असू शकतं.

एकाच नावात किती थर असतात ते पाहायचं तर मुंबईतलं पहिलं सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ) १७९६ मध्ये बांधणारे बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू गृहस्थ घ्या: सामाजी हसाजी दिवेकर. ‘जी’ बाजूला काढा. सामा म्हणजे शमुएल, हसा म्हणजे यहेज्केल. इंग्रजी कागदांत तेच सॅम्युएल इझिकेल. दोन्ही नावांच्या शेवटचा ‘एल’ म्हणजे हिब्रूत देव. दानिएल, मिखाएल इथेही तोच. यहेज्केल म्हणजे देव बळ देतो. पुढे मराठी रीतीने वडिलांचं नाव, आणि शेवटी गावाला ‘कर’ लावून झालेलं आडनाव. पेणकर, रोहेकर, किहीमकर ही बेने इस्रायली आडनावंही रायगडातल्या गावांवरून. आपलं ‘कर’ शोधताना एकाच नावाची गावं किती आहेत ते आधी जनगणनेच्या ग्रामयादीत पाहा. वडगावकरांना नुसत्या आडनावावरून गाव सापडणार नाही. जुनं खरेदीखत किंवा फेरफार काढून तालुका मिळवावा लागेल.

काही नावांचा अर्थ कोशात शोधूच नये. ते नाव का ठेवलं ते विचारावं. दगडू, धोंडू, केरू ही नावं आधीची मुलं गेल्यावर दृष्ट लागू नये म्हणून ठेवत. तुर्कीत त्याच भीतीपोटी मुलाला ‘दुर्सुन’ म्हणतात, म्हणजे राहू दे. आणि मुली पुरे झाल्या की ‘येतेर’, म्हणजे बस्स. आपल्याकडची ‘नकुशा’ हिची सख्खी बहीण. सातारा जिल्ह्यात २०११ मध्ये अशा २८५ मुलींना समारंभाने नवी नावं दिली गेली. घानातल्या अकान लोकांत नाव वारावरून पडतं: शुक्रवारी जन्मलेला मुलगा कोफी, शनिवारी जन्मलेला क्वामे. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान यांचा जन्म ८ एप्रिल १९३८ चा, वार शुक्रवारच. चिनी-जपानी नावाचं तर नुसत्या उच्चारावरून काहीच सांगता येत नाही. ‘युकी’ कोणत्या चिन्हांनी लिहितात त्यावर अर्थ ठरतो, आणि चिन्हांचे पर्याय ढीगभर आहेत.

नाव पक्कं करताना ते देवनागरीत आणि रोमनमध्ये एकदाच, एकाच पद्धतीने ठरवून लिहून ठेवा. परदेशात राहणाऱ्यांनी तिथल्या माणसाकडून रोमन स्पेलिंग मोठ्याने वाचून घ्यावं. ‘माला’ स्पॅनिशमध्ये वाईट बाई होते. बारशाच्या दिवसापर्यंत उत्तर मिळालंच पाहिजे असंही नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण ती नावाशिवाय होते. नाव नंतर १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क भरता येतं, आणि त्यापुढे १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून.