देवस्थानाच्या नोटिशीला आव्हान देताना मुदत आणि विलंब कसा सांभाळावा

धर्मादाय कार्यालयाची नोटीस आली की अनेक देवस्थानांत पहिली बैठक चर्चेत जाते, दुसरी वकील ठरवण्यात, आणि तोवर मुदत निम्मी सरलेली असते. म्हणून नोटीस मिळेल त्या दिवशीच तिच्यावर आवक क्रमांक व तारीख घालावी आणि टपालाचा शिक्का असलेले पाकीट जपून ठेवावे. मुदतीचा वाद निघाल्यावर हे पाकीट फार उपयोगी पडते.

हातातला कागद नोटीस आहे की आदेश, हे आधी पाहावे. नुसत्या कारणे दाखवा नोटिशीत उच्च न्यायालय सहसा हस्तक्षेप करत नाही. ती काढणाऱ्या अधिकाऱ्याला मुळात अधिकारच नसेल तर गोष्ट वेगळी. म्हणून ठरलेल्या तारखेच्या आत लेखी खुलासा देऊन पोच घ्यावी, नाहीतर प्रकरण एकतर्फी चालते.

आदेश झाला असेल, तर दिवस मोजायला लागावे. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, 1950 च्या कलम 70 मध्ये नमूद केलेल्या निष्कर्षांविरुद्ध व आदेशांविरुद्ध धर्मादाय आयुक्तांकडे 60 दिवसांत अपील करावे लागते, आणि आयुक्तांच्या निर्णयाविरुद्ध कलम 72 खाली न्यायालयात करायच्या अर्जालाही तेवढीच मुदत आहे. अपिलाची मुदत मोजताना प्रमाणित नक्कल मिळण्यास लागलेला काळ वगळला जातो, परंतु नकलेचा अर्ज करण्यात घालवलेले दिवस वगळले जात नाहीत. अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली आणि कधी दिली, या नकलेवरील नोंदींवरूनच हा हिशेब होतो.

मुदत उलटलीच, तर अपिलासोबत विलंबमाफीचा अर्ज शपथपत्रासह जोडावा. सर्वोच्च न्यायालयाने 1987 च्या कातिजी प्रकरणात ‘पुरेसे कारण’ उदारपणे पाहावे असे सांगितले. तरीही कारण तारखांनिशी मांडावे. रुग्णालयाची कागदपत्रे जोडता येतात; ‘विश्वस्तांत एकमत होत नव्हते’ हे मात्र कारण नव्हे, ती कबुली आहे.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात करायच्या रिट याचिकेला ठरावीक मुदत नाही, याचा अर्थ कधीही जाता येते असा नाही. दरम्यान नवी समिती कारभार पाहू लागली किंवा जमीन भाडेपट्ट्याने गेली, तर तिऱ्हाइतांचे हक्क मध्ये येतात आणि न्यायालय विलंबावरच याचिका फेटाळू शकते. निवेदनांवर निवेदने पाठवल्याने गेलेली वेळ परत मिळत नाही. तमिळनाडूतील चिदंबरमच्या नटराज मंदिरावर 1987 मध्ये सरकारी कार्यकारी अधिकारी नेमल्यावर तिथले परंपरागत पुजारी, दीक्षितर, त्याच वर्षी न्यायालयात गेले. सर्वोच्च न्यायालयाने ती नेमणूक रद्द करायला 2014 उजाडले, पण ती दिरंगाई त्यांची नव्हती.

पूर्वीच्या व्यवस्थापकाने मोबदला घेऊन विकलेली देवस्थानाची मालमत्ता परत मिळवण्याच्या दाव्याला मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद 96 प्रमाणे 12 वर्षे मिळतात. ती त्या व्यवस्थापकाचा मृत्यू, राजीनामा वा पदच्युती किंवा दावा लावणाऱ्याची नेमणूक, यांपैकी जी तारीख नंतरची असेल तिच्यापासून मोजतात.