बस्टर कीटनचा ‘वन वीक’ घरच्या घरी कसा दाखवावा

नवरा-बायकोच्या संसारावरचा मूक विनोदपट पाहुण्यांना पहिल्यांदाच दाखवायचा असेल, तर 1920 सालचा ‘वन वीक’ निवडा. बस्टर कीटन आणि सिबिल सीली हे नवं जोडपं लग्नात भेट मिळालेलं, खोक्यांत भरून आलेलं घर जोडायला घेतं. तिने नाकारलेला प्रेमिक खोक्यांवरचे आकडे बदलून ठेवतो आणि घर वेडंवाकडं उभं राहतं. इथली बायको नवऱ्याची फजिती बघत बसत नाही, त्याच्या बरोबरीने राबते. सगळी गंमत त्या जोडीत आहे.

आधी वेग तपासा. दोन रिळं म्हणजे साधारण 2000 फूट, आणि एका फुटात 16 फ्रेम, म्हणजे सुटी चित्रं. सेकंदाला 24 फ्रेमने हे 22 मिनिटांत संपतं, 20 ने सुमारे 27 मिनिटांत. माणसं तुरूतुरू पळताना दिसली तर व्हीएलसी या संगणकावरच्या प्लेअरमध्ये [ ही कळ दाबून वेग थोडा कमी करा. पण चालणं अगदी नैसर्गिक होईपर्यंत उतरवू नका. विनोदपटांत कॅमेऱ्याचा हाताने फिरवायचा दांडा बऱ्याचदा मुद्दाम हळू फिरवत, म्हणजे पडद्यावर हालचाल जलद दिसे. वेग फार उतरला की पडण्या-धडपडण्यातली मजाच जाते.

वेग बदलल्यावर फाइलमधलं संगीत बिघडतं, म्हणून ते बंद करून वेगळं लावा. एकटा पियानो किंवा पेटी पुरे. धडाम-धुडूमचे आवाज मुळीच नकोत.

पडद्यावर मधूनमधून येणाऱ्या इंग्रजी मजकुराच्या पाट्यांचा मराठी तर्जुमा आधीच कागदावर लिहून ठेवा आणि पाटी दिसताच एकाने मोठ्याने वाचावा. पुढचा विनोद सांगून टाकू नये. आंघोळीच्या प्रसंगात टबाबाहेर पडलेला साबण घ्यायला बायको वाकते, तेवढ्यात एक हात कॅमेरा झाकतो. हा बिघाड नाही, पॉज करू नका!

सर्वांत जपायची जागा शेवटाकडे आहे. घर रुळांवर अडकतं, समोरून आगगाडी येते आणि शेजारच्या रुळावरून निघून जाते. इथे पेटी सैल सोडा, धून हलकी ठेवा. लगेच उलट्या दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चक्काचूर करते. वाजवणाऱ्याने आधीच सूर चढवला तर प्रेक्षक सावध होतात आणि हशा निम्म्यावर येतो.

जोडीला चार्ली चेसचा ‘माइटी लाइक अ मूस’ (1926) लावता येईल. नवरा दात आणि बायको नाक एकमेकांच्या नकळत सुधारून घेतात, मग एकमेकांना ओळखतच नाहीत. यातला विनोद चेहऱ्यांवर आहे, तेव्हा खुर्च्या पडद्याजवळ ओढून घ्या.