चित्रप्रदर्शनावर लिहिताय? मग या चुका टाळा

आधुनिक कलेच्या प्रदर्शनांवर नवशिक्यांनी लिहिलेले लेख माझ्याकडे तपासायला येतात. चुका त्याच त्या. लाल पेन उचलायचाही आता कंटाळा येतो, म्हणून एकदाच लिहून टाकते.

सगळ्यात जुनी चूक मीही केलेली आहे. चळवळीचं नाव हे चित्रकाराचं आडनाव असल्यासारखं वापरायचं. सुरुवातीच्या एका लेखात मी ठोकून दिलं होतं, 'व्हॅन गॉग पोस्ट-इम्प्रेशनिझमच्या चळवळीत सामील झाला.' संपादकांनी लेख परत पाठवला. समासात एकच ओळ होती: 'मेल्यावर वीस वर्षांनी?' कान लाल झाले. व्हॅन गॉग १८९० मध्ये गेला. हे नाव आलं १९१० मध्ये, लंडनच्या ग्राफ्टन गॅलरीजमध्ये इंग्रज कलासमीक्षक रॉजर फ्राय यांनी भरवलेल्या प्रदर्शनाबरोबर. तोवर गोगँ (१९०३) आणि सेझानही (१९०६) गेलेले. म्हणजे आज ज्या तिघांवर ही चळवळ उभी आहे, त्यांच्यापैकी एकालाही आपण तिच्यात असल्याचा पत्ता नव्हता. नावाचा अर्थ तरी काय, तर इम्प्रेशनिस्टांच्या, म्हणजे क्षणाचा प्रकाश टिपणाऱ्या चित्रकारांच्या, नंतरचे! प्रदर्शनाला काहीतरी नाव हवं होतं, ते मिळालं.

तेव्हापासून मी वहीच्या पानावर मधोमध रेघ मारते. डावीकडे चित्राचं साल, उजवीकडे चळवळीला नाव पडलं ते साल. डावं साल आधीचं निघालं, की 'सामील झाला' खोडायचं. तीन मिनिटांचं काम आहे. पण तेवढा धीर कोणाला? चित्राशेजारच्या माहितीच्या पाटीचा फोटो काढायचा आणि घरी जाऊन उतरवून काढायचा. पाटी उतरवलेली लगेच कळते हो. एरवी अडखळत लिहिणारा माणूस एका परिच्छेदापुरता अचानक क्युरेटरसारखा, म्हणजे प्रदर्शन मांडणाऱ्या तज्ज्ञासारखा, बोलायला लागतो.

दुसरी चूक जास्त घातक. दालनांचा क्रम म्हणजेच कलेचा इतिहास, असं धरून चालायचं. १९३६ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये घनवाद (वस्तू भौमितिक तुकड्यांत मांडणारी शैली) आणि अमूर्त (ओळखीची आकृती नसलेल्या) कलेचं प्रदर्शन भरलं. त्यासाठी संग्रहालयाचे संचालक आल्फ्रेड बार यांनी एक तक्ता काढला होता. कोणत्या चळवळीतून कोणती निघाली, हे बाणांनी दाखवणारा. बाण इतके देखणे, की कित्येकांनी तो वंशवृक्षच मानला. त्यात स्वीडिश चित्रकर्ती हिल्मा आफ क्लिंट नाही. तिनं १९०६ पासून अमूर्त चित्रं काढली होती. १९०७ ची काही तर तीन मीटरहून उंच आहेत. पण आपल्या मृत्यूनंतर वीस वर्षं ती दाखवू नयेत, अशी तिचीच इच्छा होती, आणि १९३६ मध्ये ती हयात होती. बार यांना दोष कसा द्यायचा? पण त्याच संग्रहालयानं २०१२ मध्ये अमूर्ताच्या जन्मावरच प्रदर्शन भरवलं, तेव्हाही ती त्यात नव्हती. तोवर ही चित्रं जगासमोर येऊन पाव शतक उलटलं होतं.

मग २०१८ मध्ये न्यूयॉर्कच्याच गुगेनहाइम संग्रहालयात तिचं मोठं प्रदर्शन झालं, आणि लोकांनी दुसरं टोक गाठलं. 'अमूर्ताची खरी जननी' वगैरे. ही चित्रं तिनं एका मंदिरासाठी काढली होती, परलोकातून आदेश मिळतो या श्रद्धेनं. ते मंदिर तिच्या कल्पनेत सर्पिल होतं आणि गुगेनहाइमची इमारतही सर्पिल. योग फार सुंदर जुळला, मीही भारावले. पण तो जुळवला प्रदर्शन मांडणाऱ्यांनी. लेखात हे वाक्य यायला हवं.

यावर माझा उपाय थोडा विक्षिप्त आहे. पहिली फेरी काहीही न वाचता मारते, दुसरी शेवटच्या दालनापासून उलटी. उलटं चाललं की शेजारशेजारची चित्रं एकमेकांना मुद्दाम चिकटवलेली कुठे आहेत, ते दिसतं. पहारेकरी विचित्र नजरेनं बघतात, बघू देत.

बाकीच्या चुका थोडक्यात.

छळ झाला म्हणजे चित्रकार धुतल्या तांदळासारखा, असं समजू नका. १९३७ च्या म्युनिकमधल्या 'अधःपतित कला' प्रदर्शनात नाझींनी जर्मन चित्रकार एमिल नोल्डेची चित्रं टिंगलीसाठी टांगली. पण तो स्वतः नाझी पक्षाचा सदस्य होता. २०१९ मध्ये बर्लिनच्या प्रदर्शनानं त्याची ही बाजू पुराव्यांसकट मांडली.

स्क्रीनवर बघून आकारावर आणि रंगाच्या थरावर लिहू नका. लिहायचंच असेल, तर निदान माप तरी वाचा.

'हे तर कुणीही काढेल' हे वाक्य मी न वाचताच कापते.

आणि संग्रहालयानं टांगलंय म्हणजे बरोबरच टांगलं असणार, हेही सोडा. १९६१ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्येच फ्रेंच चित्रकार मातीसचं कागद कापून केलेलं होडीचं चित्र ४७ दिवस उलटं लटकत होतं. चूक पकडली ती एका प्रेक्षक बाईंनी, आणि त्यासुद्धा पुन्हापुन्हा येऊन, कॅटलॉगशी ताडून बघितल्यावर.