पाणीदार जिल्ह्यात दुष्काळ शिकताना

कोल्हापुरात राहून दुष्काळावर काम करते म्हटलं की समोरून ठरलेला प्रश्न येतो, "आमच्याकडं कुठला आलाय दुष्काळ?" विचारणाऱ्याला दोष देता येत नाही. 2005, 2019 आणि 2021 चे महापूर ज्यांनी पाहिलेत, त्यांना पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावरची 39 फुटांची इशारा पातळी आणि 43 फुटांची धोका पातळी तोंडपाठ असते. पण 31 ऑक्टोबर 2023 ला राज्य सरकारनं दुष्काळ जाहीर केलेल्या 40 तालुक्यांची यादी काढून बघा. सांगोला, बारामती, अंबड यांच्याच रांगेत हातकणंगले आणि गडहिंग्लज दिसतील.

भूगोल, पर्यावरणशास्त्र, कृषी किंवा सिव्हिल करून या विषयात येऊ पाहणारी मुलंमुली अधूनमधून विचारतात, सुरुवात कुठून करू? त्यांना जे सांगते तेच इथं जरा सविस्तर लिहिते. माझं मत असं की दुष्काळ शिकायला माणदेशातच जायला पाहिजे असं काही नाही. तिथं तो उघड्यावर असतो. आपल्याकडं तो शोधावा लागतो, आणि एकदा शोधायची सवय लागली की पुढं कुठल्याही जिल्ह्यात काम अडत नाही.

आधी नकाशा समोर घ्या. गगनबावड्यात वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. तिथून पूर्वेला शिरोळ, सरळ रेषेत शंभर किलोमीटरसुद्धा नाही, आणि सरासरी पाचशे-सहाशेवर येते. त्यामुळं 'जिल्ह्याची सरासरी' हा आकडा बातमीपुरता ठीक, कामाला बिनउपयोगाचा. पश्चिमेकडचा एक मुसळधार आठवडा पूर्वेकडची अख्ख्या महिन्याची तूट झाकून टाकतो. तालुका, आणि जमलं तर महसूल मंडळ, एवढं खाली उतरल्याशिवाय हाताला काही लागत नाही. आणि पश्चिमेला सगळं आलबेल आहे असंही धरू नका. शाहूवाडी, भुदरगडच्या डोंगरात जांभ्या दगडाच्या सड्यांवर, म्हणजे उघड्या पठारांवर, पाणी ठरत नाही. जुलैत धबधबे आणि मे महिन्यात धनगरवाड्यातल्या बायका झऱ्यावर वाटीनं हंडा भरतायत, हे एकाच वर्षातलं चित्र असतं.

पुस्तकात दुष्काळाचे चार प्रकार दिलेले असतात: हवामानाचा, शेतीचा, जलसाठ्यांचा आणि सामाजिक-आर्थिक. परीक्षेसाठी ते पाठ कराच. प्रत्यक्षात लक्षात ठेवायचं ते एवढंच, की हे चारही एकदम येत नाहीत. पाऊस ओढ देतो तेव्हा आधी वरची ओल जाते, मग पीक, मग विहीर, धरण सगळ्यात शेवटी. उलटं येतानाही तसंच. पाऊस पडून शिवार हिरवं झालं तरी विहिरीचं पाणी वर यायला वेळ लागतो. कोण कुठल्या पायरीवर उभं राहून बोलतंय हे कळलं, तर बैठकीतली निम्मी भांडणं मिटतात.

आता एसपीआय, म्हणजे प्रमाणित पर्जन्य निर्देशांक. मॅकी आणि सहकाऱ्यांनी 1993 मध्ये कोलोरॅडोत मांडला, आणि जागतिक हवामान संघटनेनं 2009 नंतर सगळ्या देशांना तो वापरा म्हणून सांगितलं. किमान 30 वर्षांची पावसाची आकडेवारी घ्यायची, तिला संख्याशास्त्रातलं वितरण बसवायचं आणि यंदाचा पाऊस नेहमीपेक्षा किती हटके आहे ते काढायचं. उणे 1 च्या खाली मध्यम, उणे 1.5 च्या खाली तीव्र, उणे 2 च्या खाली अतितीव्र. पायथॉन किंवा आर येत असेल तर दुपारभरात गणित जमतं. खरी गंमत त्याच्या पुढं आहे.

गगनबावड्याचा पाऊस वर्षानुवर्षं बराचसा ठरल्यासारखा पडतो, शिरोळचा मात्र फार वरखाली होतो. म्हणून दोन्हीकडं वीस टक्के तूट असली, तरी गगनबावड्याचा एसपीआय जास्त खाली जातो. नकाशावर गगनबावडा लालसर आणि शिरोळ साधारण! गगनबावड्यात त्या वर्षीही चार हजार मिलिमीटर पडलेला असतो. इथं नवीन माणूस एक तर गणितावर शंका घेतो, नाहीतर नकाशा जसाच्या तसा अहवालात चिकटवतो. गणित बरोबरच असतं. एसपीआय फक्त 'नेहमीपेक्षा किती कमी' एवढंच सांगतो, 'पुरतंय का' हे तो सांगत नाही. ते पीक, माती आणि माणसं सांगतात.

दुसरी गोष्ट महिन्याच्या बेरजेची. ऑगस्टमध्ये दोन दिवसांत दीडशे मिलिमीटर कोसळला आणि पुढं तीन आठवडे उघडीप, तर महिन्याचा आकडा बघून कुणी म्हणणार नाही की काही बिघडलंय. सोयाबीन तेव्हा फुलावर किंवा शेंगा भरण्यात असते. म्हणून खंड मोजायला शिका. केंद्राच्या 2016 च्या दुष्काळ व्यवस्थापन संहितेत तूट आणि एसपीआयबरोबर सलग तीन-चार आठवड्यांचा खंडही पहिल्याच 'कळी'त, म्हणजे पुढची प्रक्रिया सुरू करणाऱ्या निकषात (ट्रिगर), धरलाय, तो उगीच नाही. 2023 चा ऑगस्ट हा 1901 पासूनच्या नोंदींत देशातला सगळ्यात कोरडा ऑगस्ट ठरला. गडहिंग्लजचं नाव त्या यादीत का आलं, हे समजून घ्यायला तो एक महिना नीट अभ्यासला तरी पुष्कळ आहे.

ही संहिता मुळातून वाचा, कंटाळा आला तरी. आपल्याकडं आधी सगळी मदार पैसेवारीवर, म्हणजे नेहमीच्या पिकाच्या तुलनेत यंदाचं पीक किती आणे-पैसे आलं या अंदाजावर होती. पन्नास पैशांच्या आत आली की टंचाई. आजही गावात लोक त्याच भाषेत बोलतात. संहितेनं क्रम बदलला. आधी पावसाची कळ, मग परिणाम दाखवणाऱ्या चार गटांपैकी तीन: पेरणी क्षेत्र, उपग्रहावरून दिसणारी पिकाची स्थिती, जमिनीतली ओल, आणि जलसाठे-भूजल. त्यानंतर तालुक्यातल्या साधारण दहा टक्के गावांत प्रत्यक्ष पाहणी. खरिपाचा निर्णय ऑक्टोबरअखेर. महाराष्ट्रात हे सगळं 'महामदत' प्रणालीतून चालतं. निकष कडक आहेत आणि त्यावर टीकाही होते, पण ते माहीत नसताना टीका करणारेच जास्त भेटतात.

उपग्रहाचा भाग सगळ्यांना आवडतो, कारण तो पडद्यावर छान दिसतो. आपल्या जिल्ह्यात तिथं ऊस आडवा येतो. एनडीव्हीआय म्हणजे हिरवेपणाचं माप. पंचगंगा, वारणेच्या काठाचा ऊस उपसा सिंचनावर वर्षभर हिरवागार. मॉडिस या उपग्रह संवेदकाच्या अडीचशे मीटरच्या एका चौकोनात दोन एकर वाळलेला भुईमूग आणि भोवती दहा एकर ऊस असला, तर चौकोन म्हणतो, सगळं उत्तम. हातकणंगल्यासारख्या तालुक्यात दुष्काळ असा उसात लपतो. उपाय आहेत: सेंटिनल-2 उपग्रहाचं दहा मीटरचं चित्र घ्या, आधी उसाचं क्षेत्र वेगळं काढा, आणि मग फक्त कोरडवाहू तुकड्यांची तुलना त्याच तुकड्यांच्या मागच्या वर्षांशी करा. जुलै-ऑगस्टमध्ये ढग काही दिसू देत नाहीत, तेव्हा सेंटिनल-1 चं रडार कामी येतं. ते शिकायला वेळ लागतो. शिका.

आकड्यांच्या बाबतीत एक बारकी खोच. आपल्याकडं पाऊस सकाळी साडेआठला मोजतात आणि तो त्या दिवसाच्या तारखेवर पडतो, म्हणजे पाच तारखेचा आकडा हा बहुतांश चार तारखेचा पाऊस असतो. उपग्रहावर आधारलेल्या चर्प्ससारख्या संचाचा दिवस वेगळ्या वेळेला सुरू होतो. दोन्ही शेजारी ठेवले की एक दिवसाची सरक दिसते. मंडळामंडळांत बसवलेली महावेधची स्वयंचलित केंद्रं ही मोठी सोय आहे, पण शक्य असेल तेव्हा केंद्र जाऊन बघून या. एका ठिकाणी यंत्राच्या डोक्यावर झाडाची फांदी आलेली होती, आणि त्या मंडळाचा पाऊस बाजूच्या गावांपेक्षा कायम कमी का दिसतो यावर आमच्यात आठवडाभर चर्चा चालली होती.

सप्टेंबर 2023 मध्ये हलकर्णी भागात पीक बघायला गेलो होतो. रस्त्यावरून रान बरं दिसत होतं. शेताच्या मालकीणबाईंनी सोयाबीनचं एक झाड उपटून हातात दिलं. पानं हिरवी, पण दुपारच्या उन्हात उलटी होऊन पांढरट बाजू वर आलेली. शेंगा लागलेल्या, दाबून बघितल्या तर चपट्या. एका शेंगेत तीन खाने, त्यात एकच दाणा, तोही ज्वारीएवढा. "वरनं हिरवं दिसतंय न्हवं? आत काय न्हाई," त्या म्हणाल्या. बांधापलीकडं काळं रान होतं, तिथलं पीक जरा धरून होतं. यांच्या रानात वीतभर खाली मुरूम. एकाच गटात, एकाच पावसावर दोन निकाल. तेव्हापासून मातीची खोली विचारल्याशिवाय मी कुठल्याच नकाशावर मत देत नाही. पाहणीला जाताना टॅबबरोबर खुरपं घेऊन जा, आणि नुसतं 'किती पाऊस झाला' असं विचारू नका. 'वाफसा कधी मोडला', 'पेर दुबार झाली का', 'विहीर किती तास चालते' असं विचारा. विहीर पूर्वी दिवसभर चालायची आणि आता दोन तासांत आटते, हे उत्तर कुठल्याही निर्देशांकाइतकंच मोलाचं आहे.

भूजलाचंही तसंच. आपला खडक काळा पाषाण, पाणी फटीत आणि झिजलेल्या थरात साठतं, वाळूच्या प्रदेशासारखं सलग नाही. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा घेते. पुराच्या दिवसांत नदीची पातळी तासातासाला मोबाईलवर येते, विहिरीची मात्र चारदा. शाळा-कॉलेजच्या मुलांना घेऊन गावातल्या चार-पाच विहिरींची पातळी दर पंधरवड्याला टेपनं मोजत राहिलात, तर दोन वर्षांत तुमच्याकडं असा डेटा असेल जो दुसऱ्या कुणाकडं नाही. प्रबंधासाठी यापेक्षा चांगला विषय मला सुचत नाही.

हवामान बदलाबद्दल बोलताना जरा सांभाळून. प्रत्येक खंडाला 'हवामान बदल' हे उत्तर देऊन चालत नाही. 2023 ला एल निनो, म्हणजे प्रशांत महासागराचं पाणी तापण्याची स्थिती, होता. पण केंद्राच्या भूविज्ञान मंत्रालयाच्या 2020 च्या मूल्यांकनात 1951 ते 1980 च्या तुलनेत 1981 ते 2011 या काळात मान्सूनमधले कोरडे खंड 27 टक्क्यांनी जास्त वेळा आल्याचं म्हटलंय, आणि ओले खंड जास्त जोरदार झाल्याचंही. हवा एक अंशानं तापली की साधारण सात टक्के जास्त वाफ धरते. जमिनीतली ओलही लवकर ओढून घेते, म्हणून नुसता पाऊस धरणाऱ्या एसपीआयबरोबर बाष्पीभवन धरणारा एसपीईआयही काढून बघा. 2019 ला जूनमध्ये पाऊस लांबला म्हणून काळजी होती आणि ऑगस्टमध्ये शिरोळमधून माणसं बोटीनं काढावी लागली. दुष्काळ आणि पूर यांची खाती वेगळी ठेवण्याचे दिवस गेले.

व्यवस्थापन शिकायला तर आपण नशीबवान आहोत. शाहू महाराजांनी 1902 मध्ये पाटबंधाऱ्याचं धोरण आखलं, पुढं राधानगरीचं धरण सुरू केलं, आणि 'कोल्हापूर पद्धतीचा बंधारा' तर आपल्याच नावानं राज्यभर गेला. दगडी खांबांच्या खाचांत पावसाळा सरला की बरगे, म्हणजे पाणी अडवायच्या फळ्या, घालायचे, पावसाळ्याआधी काढायचे. ऐकायला सोपं. पण परतीचा पाऊस लांबला तर बरगे कधी घालायचे? मे 2025 मध्ये मान्सून 24 तारखेला केरळात आणि 26 ला मुंबईत पोचला. अशा वर्षी ते काढायला सवड कुठली? उपसाबंदीचं वेळापत्रक, धरणातलं आवर्तन, बरगे, उसाची लागण, हे सगळं एकमेकांत गुंतलेलं आहे. पाटबंधाऱ्याच्या बैठकीत मागं बसून ऐकायची संधी मिळाली तर सोडू नका. उसाला ठिबक करा हे सांगणं सोपं आहे. ते का होत नाही हे तिथं कळतं.

आता नोकरीचं. 'दुष्काळतज्ज्ञ' अशी जाहिरात येत नाही. कामं येतात ती जीआयएस विश्लेषक, पीकविमा कंपनीतला पीक पाहणीचा माणूस, पाणलोट प्रकल्पातला समन्वयक, विद्यापीठातला प्रकल्प सहायक या नावांनी. नागपूरचं महाराष्ट्र सुदूर संवेदन उपयोजन केंद्र, पुण्याचं हवामान खातं आणि आयआयटीएम ही हवामान संशोधन संस्था, पुण्यातल्याच वॉटर (डब्ल्यूओटीआर) आणि अॅक्वाडॅम या पाण्यावर काम करणाऱ्या संस्था, यांच्या वेबसाईट आठवड्याला बघत जा. पगार सुरुवातीला बेताचा असतो आणि बरीच कामं कंत्राटी, प्रकल्प संपला की पुन्हा शोधाशोध. घरच्यांना हे आधी सांगून ठेवा. शिकायला पैसे फार लागत नाहीत. डेहराडूनच्या आयआयआरएस या सुदूर संवेदन संस्थेचे ऑनलाइन कोर्स फुकट आहेत, नकाशे करायचं क्यूजीआयएस फुकट, गूगल अर्थ इंजिन अभ्यासासाठी फुकट, हवामान खात्याचा चौकटीनिहाय पाऊसही मिळतो.

मुलाखतीला जाताना प्रमाणपत्रांची फाईल न्या, पण त्याबरोबर स्वतःच्या तालुक्याचं एक पान न्या: गेल्या तीस वर्षांचा पाऊस, त्यातले ऑगस्टचे खंड, कोरडवाहू रानाचा एनडीव्हीआय आणि दोन-तीन विहिरींची पातळी, एकाखाली एक. समोरच्याला त्यावर चार प्रश्न विचारावेसे वाटले तर मुलाखतीची दिशा तुमच्या हातात येते. आणि ते पान करायला मुहूर्त जूनचाच आहे, कारण जुलैत ढग येतात आणि ऑगस्टमध्ये, खंड पडला तर, तुम्हाला रानात असायचं असतं.