कथेत आभाळ फिरवायचं असेल तं एकच नियम मोडा

आता गावोगावचे पोट्टे काल्पनिक जगाच्या गोष्टी लिहून राह्यले, कोणी मोबाइलवर, कोणी वहीत, आणि जवळपास प्रत्येकाच्या गोष्टीत एक रात्र असतेच जेव्हा आभाळात काहीतरी होतं आणि सगळं जग बदलून जातं. मला हे लय आवडते. पण बहुतेक वेळा काय होतं, चंद्र लाल झाला, पहाड तरंगले, नदी उलटी वाहिली, मेलेले उठले, सगळं एकाच पानावर, आणि वाचणाऱ्याला कशाचंच काही वाटत नाही. म्हणून माझं सांगणं एवढंच आहे की निसर्गाचा एकच नियम मोडा, बाकी सगळे जसेच्या तसे ठेवा, आणि तो मोडलेला नियम पार वावराच्या धुऱ्यापर्यंत, म्हणजे बांधापर्यंत, नेऊन पाहा.

आधी वेळापत्रक करा. "शेकडो वर्षांतून एकदा" असं लिहून भागत नाही, हिशेब पाहिजे. समजा तुमच्या जगाला तीन चंद्र आहेत, एकाची पौर्णिमा २९ दिवसांनी येते, दुसऱ्याची ३१ आणि तिसऱ्याची ३७. तिघांची पौर्णिमा एकाच रात्री यायला २९ गुणिले ३१ गुणिले ३७, म्हणजे ३३,२६३ दिवस लागतात, साधारण ९१ वर्षं. तेच २८ आणि ३५ दिवसांचे दोनच चंद्र घेतले तं ते दर १४० दिवसांनी भेटतील, वर्षातून दोन-तीनदा, लोकांना सवय होऊन जाईल. म्हणून असे आकडे घ्या की त्यातल्या कोणत्याही दोघांना १ सोडून दुसऱ्या एकाच आकड्यानं भाग जात नाही; २८ आणि ३५ दोघांनाही ७ नं जातो. आणि ९१ वर्षं झाली म्हणजे मागची रात्र डोळ्यांनी पाहिलेलं, नीट आठवून सांगणारं माणूस गावात उरत नाही, फक्त ऐकीव. हॅलेचा धूमकेतू १९८६ ला आला होता, आता २०६१ ला येईल, म्हणजे तेव्हा ज्यानं लहानपणी पाहिला तो म्हातारपणी दुसऱ्यांदा पाहू शकतो, ती वेगळीच गोष्ट होते. तुम्हाला कोणती पाहिजे ते ठरवा.

मंग हे दिवस मोजणार कोण? बुलडाण्यात भेंडवळला अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी वावरात घट मांडतात, धान्य ठेवतात, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पाहून पीक-पाण्याचं भाकीत सांगतात, ते ऐकायला लांबून शेतकरी येतात. भाकीत खरं ठरतं का हा वेगळा विषय, पण एका घराण्यानं पिढ्यानपिढ्या एक काम धरून ठेवलं की गाव त्याच्याकडं पाहून पेरणीचा विचार करते. तुमच्या जगातही असं एक घर ठेवा, आणि त्या घरात दोन भाऊ असू द्या ज्यांचा हिशेब एका दिवसानं जुळत नाही.

आता मोडायचा नियम. मी उदाहरण म्हणून सावली घेतो. त्या रात्री चांदण्यात पडलेल्या सावलीला जे होईल ते त्या वस्तूला होईल, बस. लगेच प्रश्न येतात आणि त्यांची उत्तरं लिहून काढल्याशिवाय पुढं जायचं नाही. कंदिलाच्या उजेडाची सावली धरायची का? मी म्हणतो नाही, फक्त चंद्राची. मंग ज्याच्या घरी तेल भरपूर तो अंगणात इतके दिवे लावेल की चांदण्याची सावली पुसून जाईल, आणि ज्याच्याकडं नाही तो आत बसेल. पण ढोरं कुठं न्यायची? उभी तूर तं घरात आणता येत नाही. आणि रानडुकरांपासून पीक राखायला रात्री वावरात जागलीला जाणाऱ्यानं काय करायचं?

इथं खरं आकाश कामी येतं. तिन्ही चंद्र पौर्णिमेचे म्हणजे तिन्ही सूर्याच्या बरोबर समोर, म्हणून आभाळात एकाच बाजूला येतील. चंद्र क्षितिजापासून १० अंश वर असताना पाच फुटी माणसाची सावली साधारण २८ फूट पडते, ४५ अंशावर पाच फूट, आणि डोक्यावर आला की जवळपास नाहीच. हिवाळ्यातली पौर्णिमा आपल्या विदर्भात जवळजवळ डोक्यावरून जाते, उन्हाळ्यातली खालून. म्हणजे घटना पौषात ठेवली तं मध्यरात्र सुरक्षित आणि चंद्र उगवता-मावळता धोका. नेहमीच्या भुताच्या गोष्टीच्या एकदम उलट झालं, आणि हे तुम्ही ठरवलं नाही, नियमानं दिलं.

मंग एक माणूस धरा आणि जवळून पाहा. बाई गोठ्यातून दूध घेऊन घरी चालली आहे, चंद्र नुकताच वर आला, ती भिंतीला लागून चालते म्हणजे सावली भिंतीवरच राहते, रस्त्यावर सांडत नाही. भिंत जिथं संपते तिथं ती थांबते, कारण तिकडून बैलगाडी येत आहे आणि पुढं पाऊल टाकलं तं चाक तिच्या छातीवरून जाईल. गाडीवानही थांबतो, कारण त्याच्या बैलांची सावली तिच्या दारापर्यंत गेलेली आहे आणि दारात कोणाचा तरी विळा उघडा पडला आहे. दोघं एकमेकांना "तुम्ही निघा आधी" म्हणतात. एवढ्या एका प्रसंगात सगळा नियम वाचणाऱ्याला कळतो, वेगळं समजावून सांगायची गरज नाही. आणि धुऱ्यावरच्या बाभळीची सावली शेजाऱ्याच्या वावरात पडते, तिथं त्यानं कुऱ्हाड घातली तं झाड कोणी तोडलं? हे भांडण तं त्या रात्रीनंतरही वर्षानुवर्षं चालेल.

घटना सगळीकडं सारखी ठेवू नका. २२ जुलै २००९ च्या सूर्यग्रहणात खग्रास पट्टा सुरत, इंदूर, भोपाळवरून गेला आणि आपल्याकडं खंडग्रासच होतं. तसा पट्टा तुमच्या जगात काढा, एक गाव आत, शेजारचं बाहेर, आणि बाहेरच्या गावात दिलेली एखादी पोरगी माहेरच्यांची वाट पाहत असू द्या.

दुसऱ्या दिवशी काय उरतं तेही ठरवा. लोणारला उल्का पडून जवळपास १.८ किलोमीटर रुंदीचं विवर झालं, आत खारं पाणी साचलं, आणि लोकांनी त्याला लोणासुर नावाच्या राक्षसाची कथा जोडली, दैत्यसूदनाचं देऊळ उभं राहिलं. २०२० च्या जूनमध्ये तेच पाणी गुलाबी झालं, खारटपणा वाढल्यावर त्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळं. जमिनीवर खूण, त्याभोवती कथा, आणि मधूनच त्या खुणेचं नवीन वागणं, हे तिन्ही असलं की जग खरं वाटते.

लिहून झालं की पहिला खर्डा जागलीला जाणाऱ्या एखाद्या माणसाला वाचून दाखवा. तो विचारेल, "मंग डुकराच्या सावलीले दगड मारला तं?" याचं उत्तर तुमच्याकडं तयार असलं तं पुढचा भाग लिहायला घ्या.